विलायती सूत

पौष लागला की निपाणीच्या वाऱ्याला तंबाखू चढते. शिवारात काढणी चालू असते, कापलेली झाडं उन्हात आडवी पसरलेली असतात, आणि दुपारनंतर वारा गावाकडं वळला की वखारीतला हमालसुद्धा, ज्याचा सगळा जन्म या धुरळ्यात गेला तो, दोन शिंका देऊन मगच पोत्याला हात घालतो. परगावचा माणूस इथं उतरला की आधी नाकाला धोतराचा सोगा लावतो. आम्हां गावकऱ्यांना तो वास एरवी येतच नाही. मला मात्र वर्षातले हे पंधरा-वीस दिवस येतो, आणि त्याच्या आतून दुसराच एक वास येतो. ओल्या शेणाचा, पाण्यात विरलेल्या चुन्याचा, आणि त्यांच्यावर पडलेल्या सकाळच्या कोवळ्या उन्हाचा. बेळगावच्या बोर्डिंगातल्या आमच्या टेनिसच्या मैदानाचा तो वास. तो आला की माझं कशात लक्ष लागत नाही. बायको विचारते, "काय हुतंय वो तुमास्नी?" मी सांगतो, "काय न्हाय, वारं बाधलंय."

वारं बाधलेलं नसतं. मला हेवा वाटत असतो. चाळिशी उलटलेल्या, दोन वखारी सांभाळणाऱ्या, देवळाच्या पंचांत बसणाऱ्या माणसानं कबूल करावं असं हे नाही. रागावलेल्या माणसाला लोक समजून घेतात, लोभी माणसाला हसतात आणि सोडून देतात. हेव्याला मात्र कुणी बसायला पाट देत नाही. त्यामुळं तो बिचारा आतल्या आत राहतो आणि चांगला पोसतो. माझा तर आता वीस-बावीस वर्षांचा घोडा झाला आहे.

ज्याचा हेवा वाटतो त्याचं नाव भूपाल. निपाणी आणि चिकोडीच्या मधल्या एका खेड्यातला, आमच्यासारखाच जैन, पण आम्ही तंबाखूचे व्यापारी आणि तो तंबाखू पिकवणाऱ्याचा मुलगा. घरात बोलणं अर्धं कानडी. आईला तो अव्वा म्हणायचा. बेळगावात कँपाच्या, म्हणजे गोऱ्यांच्या छावणीच्या, अलीकडं आमच्या समाजाचं बोर्डिंग होतं, तिथं राहून आम्ही दोघं इंग्रजी शाळेत जात असू. मी त्याच्याहून वर्षानं मोठा, म्हणून मी 'नेमण्णा'. बोर्डिंगात आला त्या दिवशी तो मागच्या अंगणात गेला, टेनिसचं मैदान पाहिलं, आणि काठावरच वहाणा काढून उभा राहिला. मला म्हणाला, "नेमण्णा, खळं लई मोठं हाय की. मळणी कशाची करतासा हितं?" आम्ही पोटं धरून हसलो. पुढं कितीतरी दिवस पोरं त्याला विचारायची, "काय भूपाल, मळणी झाली का?" तोही हसायचा. त्याला कधी राग आला नाही, ही त्याची मला न सोसणारी पहिली गोष्ट.

पण त्याचं फार चुकलं नव्हतं. ते मैदान खळ्यासारखंच करावं लागे. पावसाळा सरला की मुरूम टाकायचा, पाणी शिंपडायचं, धुम्मसानं ठोकून काढायचं, आणि वरून बोर्डिंगातल्या दोन गाईंचं शेण पातळ करून सारवायचं. दर शनिवारी सारवण नवं. हे काम पाळीपाळीनं आम्ही पोरंच करायचो. माझी पाळी आली की मी काठीला फडकं बांधून लांबूनच हात मारायचो. भूपाल गुडघ्यांवर बसून तळव्यानं सारवायचा, घरी खळं सारवावं तसं, अर्धगोल अर्धगोल, एकाला एक लागून. त्यानं सारवलेल्या बाजूला चेंडू सरळ उठायचा. आणि गंमत अशी की, सारवता सारवता त्याला त्या मैदानाचा प्रत्येक उंचवटा, प्रत्येक खोलगा हाताला पाठ झाला. आम्ही चेंडूकडं बघून पळायचो. तो चेंडू पडण्याआधीच तिथं उभा असायचा. मला वाटे, नशीब. नशीब नव्हतं ते, हे मला पुष्कळ उशिरा कळलं आणि कळल्यावर आणखीच वाईट वाटलं.

रॅकेट त्याच्या हातात दिली ती मीच. हे मी सांगितल्याशिवाय कुणाला कळणार नाही, म्हणून सांगतो. त्या दिवाळीत आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, मला मुंबईहून नवी विलायती रॅकेट मागवून दिली, आणि जुनी मी मोठ्या मनानं भूपालला देऊन टाकली. मूठ कशी धरायची, अंग कसं वळवायचं, चेंडू वर टाकून कसा हाणायचा, सगळं मी दाखवलं. दान करायला मला फार आवडायचं त्या दिवसांत. देणाऱ्याचा हात वर असतो ना, त्यातला तो 'वर' आवडायचा.

रॅकेट हातात घेऊन त्यानं तारांवर बोटं फिरवली. विचारलं, "नेमण्णा, ही तार कशाची असतीया?"

मला ठाऊक होतं कशाची असते ती. कँपातल्या दुकानात तार बदलायला गेलो होतो तेव्हा कारागिरानं सांगितलं होतं, मेंढीचं आतडं आहे, पावसात भिजवू नका. ऐकून रॅकेट परत हातात घ्यायला नको वाटलं होतं. पण खेळ सोडवेना. देवळातल्या मृदंगावर काय कागद ताणलेला असतो का, असं मी मनाशी म्हणायचो आणि खेळायचो. आप्पांनी विचारलं नव्हतं, मी सांगितलं नव्हतं. आमच्या बोर्डिंगात मुळा-कांदा चुलीपर्यंत जात नसे, पाणी गाळल्याशिवाय ओठाला लागत नसे, आणि दिवस मावळायच्या आत पंगत उठलीच पाहिजे असा पंडितजींचा, म्हणजे आमच्या व्यवस्थापकांचा, दंडक होता. आतड्याची गोष्ट त्यांच्या कानावर गेली असती तर मैदानावर दुसऱ्या दिवशी मेथी पेरली असती त्यांनी. आणि भूपालचा चेहरा असा उजळला होता की तो विझवायचं माझ्या जिवावर आलं.

"सुताची," मी म्हणालो. "विलायती सूत असतं."

"लई चिवट सूत हाय की," तो म्हणाला, आणि तारेला नखानं टिचकी मारून कान लावून ऐकत बसला.

पुढच्या दसऱ्याला बोर्डिंगात ग्रंथांची पूजा मांडली होती. पोरांनी आपापली पुस्तकं पाटावर ठेवली. भूपालनं पुस्तकांबरोबर रॅकेट आणून ठेवली, अगदी ग्रंथाला टेकवून, आणि तिच्या दांड्याला हळद-कुंकू लावलं. पंडितजी हसले. म्हणाले, "असू दे, त्याची ती विद्या आहे." मी हात जोडून उभा होतो. तारांवर झेंडूची पाकळी पडली होती, तिच्याकडं बघत होतो.

आता त्याच्या हाती रॅकेट आल्यानंतरच्या दुसऱ्या पौषाकडं येतो. माझ्या डोक्यात दरवर्षी फिरून येतो तो हाच. थंडी अशी की सकाळी सारवणावर पाय ठेवला की तळवे बधिर व्हायचे. सगळीकडं भूपाल भूपाल चाललेलं. मला तो हरवू लागला होता पाऊस संपल्यापासूनच. पहिल्यांदा हरलो तेव्हा मी म्हणालो, डोळ्यांवर ऊन आलं. दुसऱ्यांदा म्हणालो, पोट बरं नाही. मग कारणं संपली. कँपातले गोरे साहेब जिमखान्यावर त्याला खेळायला बोलावू लागले. मला एकदाही बोलावलं नाही त्यांनी, आणि माझं इंग्रजी त्याच्यापेक्षा कितीतरी चांगलं होतं. शांताक्का म्हणून आमची स्वयंपाकीण होती, विधवा बाई, मुलांवर जीव लावणारी. ती भूपालच्या ताटात भाकरीवर तूप वाढताना पळी जरा जास्त वाकडी करायची. मी मोजून सांगू शकेन, दोन थेंब जास्त. असल्या गोष्टी दिसायला हेव्याचेच डोळे लागतात. तसले चांगले डोळे मला पुन्हा कधी मिळाले नाहीत.

आणि त्याचं ते गोड बोलणं! हरवून झाल्यावर जाळ्यापाशी यायचा आणि म्हणायचा, "नेमण्णा, आज तुजा हात चालला न्हाय बग, न्हायतर कुठला मी." एखाद्यानं जिंकून छाती फुगवली तर त्याला शिव्या तरी घालता येतात. याला काय घालणार?

त्या पौषात गावातल्या जिमखान्यानं सामने भरवले. आसपासच्या एका संस्थानचे कारभारी अंतिम सामना बघायला येणार होते. त्यांच्या युवराजांना टेनिसचा नाद लागला होता, आणि त्यांच्याबरोबर खेळायला एक तरबेज तरुण पगारावर हवा होता. राहायला जागा, वर मुंबई-पुण्याला सामन्यांसाठी प्रवास. पोरं रात्रंदिवस तेच बोलत होती. मला पगाराची गरज नव्हती. आमच्या वखारी भरलेल्या होत्या. पण ती जागा मला हवी होती, इतकी हवी होती की जेवताना घास फिरायचा. तंबाखूच्या धुरळ्यातून बाहेर पडायचा तो एकच दरवाजा मला दिसत होता. भूपालला तर ती हवी होतीच. त्याच्या घरी पुढं शिकवण्याची ऐपत नव्हती, मार्चात परीक्षा झाली की तो परत शिवारात जाणार हे ठरलेलं होतं.

उपान्त्य सामना आम्हा दोघांतच आला. सहा-एक, सहा-दोन. तो एक आणि ते दोन त्यानं मला दिले असावेत, असा मला अजून संशय आहे.

दुसरा दिवस शनिवार. रविवारी सकाळी अंतिम सामना, कँपातल्या एका गोऱ्या कप्तानाशी. आप्पा बाजाराच्या कामासाठी निपाणीहून आले होते, ते बोर्डिंगात डोकावले. मला वाटलं, मला भेटायला आले. त्यांनी माझी विचारपूस केली ती उभ्याउभ्या, आणि मग म्हणाले, "त्यो भूपाल कुठं हाय?" भूपाल आला, पाया पडला. आप्पा त्याला म्हणाले, "आमच्या भागाचं नाव काडणार बग तू. आमच्या नेमूला एवडी म्हागाची रॅकेट घिऊन दिली, पर खेळ काय इकत मिळत न्हाय." आणि हसले. आप्पा वाईट नव्हते. त्यांना वाटलं ते बोलले, आणि खरं तेच बोलले. मी पण हसलो. मग ते गेल्यावर मी मागच्या पडवीत गेलो.

भूपाल तिथं बसून रॅकेट कोरड्या फडक्यानं पुसत होता. उन्हाचा एक पट्टा त्याच्या मांडीवर आला होता. मला बघून सरकून जागा दिली.

"भूपाल," मी म्हणालो, "एक सांगू?"

"सांग की."

"ती तार सुताची न्हाय."

"मग कशाची?"

"मेंढराच्या आतड्याची."

तो हसला. "चेष्टा करतोस व्हय, नेमण्णा?"

मी खिशातून काडेपेटी काढली. माझ्या खिशात काडेपेटी होती, म्हणजे मी ठरवूनच आलो होतो. तारेचं एक टोक गाठीपाशी सुटलेलं होतं, त्याला मी काडी लावली. सूत जळलं तर कागदासारखा वास येतो. हा वास केस जळाल्यासारखा आला, आणि मागून आणखी एक, जो आम्ही दोघांनी जन्मात कधी घेतला नव्हता आणि तरी ओळखला.

त्यानं रॅकेट फेकली नाही. हळूच खाली ठेवली, फरशीवर. उठून विहिरीवर गेला. राख घेऊन हात घासले, पुन्हा घासले, कोपरापर्यंत. मी पडवीतून बघत होतो. बराच वेळ रहाटाचा आवाज येत राहिला. परत आला तेव्हा ओले हात अंगापासून लांब धरले होते, जसे काही ते दुसऱ्या कुणाचे होते.

"दसऱ्याला ग्रंथाला टेकून ठेवलती मी," तो म्हणाला.

मी विझलेली काडी पडवीबाहेर टाकली.

"तुला कवा कळलं, नेमण्णा?"

"आज. कँपातल्या दुकानात."

तो खाली बसला, रॅकेटीपासून लांब. मग म्हणाला, "आज कळलं आन् आजच सांगितलंस." आणि त्याचे डोळे भरून आले.

मी त्याला बोललेल्या माझ्या दोन वाक्यांवर आयुष्यात जितका विचार केला तितका तंबाखूच्या भावावर केला नाही. 'सुताची' म्हणालो ते खोटं होतं, पण त्या क्षणी मला तो पोरगा आवडत होता. 'आतड्याची' म्हणालो ते अक्षर न् अक्षर खरं होतं, आणि ते बोलताना माझ्या मनात त्याच्या वाईटाशिवाय काही नव्हतं. पाठशाळेत आम्हांला शिकवलं होतं, खरं बोलावं, जीव दुखवू नये. दोन्ही एकदम करायची पाळी आली तर काय, हे शिकवायचं राहिलं होतं. की मी त्या दिवशी गैरहजर होतो, देव जाणे.

संध्याकाळच्या पंगतीला भूपाल आला नाही. उपास धरला. शांताक्कानं खोदून खोदून विचारलं तेव्हा त्यानं तिला सगळं सांगितलं. ती पळी हातात घेऊन माझ्यापाशी आली. म्हणाली, "उद्याचा दीस काडून सांगाय ईत नव्हतं व्हय रं नेमू?"

"पाप लागलं असतं की आणखी एक दीस," मी म्हणालो.

"आन् आजच कळलं व्हय तुला?"

"व्हय."

तिनं माझ्याकडं बघितलं. मग भाकरी वाढली आणि पुढच्या पानाकडं गेली. शांताक्का त्यानंतर माझ्याशी कधी वाकडं बोलली नाही. खरं तर कधी सरळही बोलली नाही.

पण तिनं एक केलं. पंगत उठताच, अंधार पडायच्या आत भूपालला घेऊन ती शेजारच्या शहापुरात गेली, तिच्या ओळखीच्या एका विणकराकडं. हे मला मागाहून कळलं. विणकर म्हणाला, रेशमाची दोरी वळून देतो, तिच्याएवढी बळकट दुसरी नाही. भूपाल म्हणाला, "त्यात किडा मरतोय." मग त्या भल्या माणसानं सुताचे आठ-आठ पदर घेऊन पीळ दिला, चिंचोक्याची खळ चढवली आणि दोरी वाऱ्यावर ताणून सुकवली. पहाटे भूपाल पडवीत बसून दाभणानं ती रॅकेटीत ओवत होता. जुनी तार त्यानं कापली नव्हती, सोडवून काढली होती, एका धुतल्या फडक्यात गुंडाळली आणि कडुलिंबाखाली खड्डा काढून पुरली. ओठ हलत होते त्याचे. मी अंथरुणात पडून खिडकीतून बघत होतो, आणि तेव्हाही मला वाटत होतं ते हेच, की मला हे का सुचलं नाही? मी वर्षापूर्वी आतड्याचं ऐकलं आणि मृदंगाची सबब शोधली. यानं काल ऐकलं, आणि आज याच्या हातात खरंच सुताची तार होती.

रविवारी सकाळी जिमखान्यावर ही गर्दी. वकील, मास्तर, कँपातल्या मडमा छत्र्या घेऊन. चेंडू कप्तानाच्या रॅकेटीवर टणकन वाजायचा आणि भूपालच्या रॅकेटीवर धप्प, ओल्या गोणत्यावर काठी मारावी तसा. लोक हसले. पहिल्या चार डावांत तर त्याचे सगळे चेंडू जाळ्यात. मग त्यानं हाणणं सोडून दिलं. सुतावर चेंडू क्षणभर बसतो आणि मग सुटतो, हे त्याच्या हाताला कळलं असावं. तो चेंडू नुसता ठेवायला लागला. इथं ठेवला, तिथं ठेवला, जाळ्याच्या पलीकडं वीतभर. कप्तान घामानं निथळला. दुसरा सेट भूपालनं घेतला तेव्हा मडमासुद्धा उभ्या राहिल्या. तिसऱ्यात एकेक दोरी तुटायला लागली. शेवटी मधोमध हात जाईल एवढं भगदाड पडलं आणि तो हरला.

मला आनंद झाला. खोटं का सांगू? इतका झाला की हात आपोआप वर गेले आणि मी टाळ्या वाजवायला लागलो. शेजारचे लोक माझ्याकडं कौतुकानं बघायला लागले. त्यांना वाटलं, मित्रासाठी वाजवतोय.

कारभारीसाहेब खुर्चीतून उठून मैदानात आले. वयस्क, लाल पागोटं, हातात काठी. त्यांनी ती फाटकी रॅकेट हातात घेतली, अंगठ्यानं दोरी दाबून बघितली. "ही काय भानगड आहे?" त्यांनी विचारलं. भूपालनं खाली मान घालून सांगितलं, आतड्याची तार होती हे काल कळलं, म्हणून ही बसवली.

"म्हणजे या चाळणीनं तू कप्तानाला तीन सेट खेळवलंस?"

"व्हय जी."

"आणि चांगली रॅकेट दिली, आतड्याची, तर?"

"धरनार न्हाय जी."

"नोकरी दिली तरी?"

"न्हाय जी."

कारभारी हसले. मागं वळून कुणाला तरी म्हणाले, अमेरिकेत पोलादी तारांच्या रॅकेटी निघाल्यात असं युवराज म्हणत होते, पत्र घालून एक मागवा. आणि भूपालला म्हणाले, "वडिलांना विचार. माघात ये."

म्हणजे झालं काय, बघा. तो आतड्याच्या तारेनं खेळला असता तर कप्तानाला सहज हरवून गेला असता, आणि जिंकणारे तर कारभाऱ्यांनी पुष्कळ बघितले होते. हरताना त्यानं जे दाखवलं ते त्यांनी कुठं बघितलं नव्हतं. आणि ते दाखवायची संधी त्याला दिली मी. माझ्या हेव्यानं त्याच्या वाटेत दगड म्हणून जे टाकलं, तेच त्याला पायरी झालं. यापेक्षा मी त्याच्यावर प्रेम केलं असतं तर त्याचं नुकसान तरी झालं असतं.

पुढचं वर्तमानपत्रातून कळत गेलं. युवराजांबरोबर तो पुण्याला गेला, मुंबईला गेला. पगार घेऊन खेळतो म्हणून हौशी लोकांच्या सामन्यांत त्याला घेत नसत, मोठ्या क्लबात सभासदांच्या खुर्च्यांवर त्याला बसता येत नसे. ही बातमी मी निपाणीत सगळ्यांना आवर्जून सांगायचो. "पगारी आहे हो," मी म्हणायचो, "मार्कर म्हणतात त्यांना." पण त्याच मार्करांच्या सामन्यांत, जिथं देशातले पट्टीचे पगारी खेळाडू उतरत, तिथं तो दोन वर्षांत पहिला आला. त्याची पोलादी तार वाजायची ती म्हणे मैदानाबाहेर रस्त्यावर ऐकू यायची. आप्पा कात्रण वखारीच्या भिंतीला चिकटवून ठेवत आणि येईल त्या गिऱ्हाइकाला दाखवत. मी त्या भिंतीकडं पाठ करून बसायला शिकलो. माझी विलायती रॅकेट माळ्यावर गेली. मी पुन्हा खेळलो नाही. पापाच्या भीतीनं सोडलं, असं लोकांना वाटतं.

मग, तो गेल्याला तीन-चार वर्षं झाली असतील, तो निपाणीला आला. असाच पौष, असाच वारा. आप्पांनी आणि पंचांनी देवळासमोरच्या चौकात त्याचा सत्कार ठेवला होता. हलगी आणली होती, मांडव घातला होता. आसपासच्या खेड्यांतून गाड्या जोडून माणसं आली होती, तंबाखूची काढणी टाकून. बायकांच्या घोळक्यात त्याची अव्वा बसली होती, पदरानं सारखे डोळे पुसत. मी पंचांच्या मुलांबरोबर मागं उभा होतो. पांढरी विजार, गळ्यात झेंडूचा हा एवढा हार, अंगानं भरलेला. मी त्याच्यात काहीतरी खोट शोधत होतो. गर्व आला असेल, बोलणं बदललं असेल, आपली भाषा विसरला असेल. तो बोलायला उभा राहिला.

"मला भाषाण येत न्हाय," तो म्हणाला. "एकच सांगतो. माजं नाव झालं ते माज्या खेळानं न्हाय. बोर्डिंगात असताना मी आतड्याची तार धरून खेळत हुतो, मला ठावं नव्हतं. सगळ्यात मोटा सामना दुसऱ्या दिवशी हुता. त्या दिवशी आमच्या नेमण्णाला ते कळलं. त्यो गप बसला असता तर मी जितलो असतो. त्याला मी त्याच्या आदल्या दिवशी हरवलंतं, तरी त्यानं मनात काय धरलं न्हाय. माजी जीत बुडंल, मी त्याच्यावर रागवंन, कशाचा इचार न करता त्यानं मला खरं सांगितलं. सख्खा भाऊ सांगणार न्हाय, दादांनु. मी जिथं जातो तिथं हेच सांगतो. मुंबईला बी सांगितलं."

मुंबईलाही सांगितलं होतं त्यानं. चौकातली सगळी डोकी वळून मला शोधायला लागली. कुणीतरी मला खांद्याला धरून पुढं ढकललं. वाट आपोआप होत गेली. आप्पा मांडवात बसले होते, त्यांचा चेहरा मी आयुष्यात तसा पाहिला नव्हता. ते माझ्याकडं बघत होते, भूपालकडं नव्हे.

आता बोलायचं. दोनच वाक्यं होती. मला पहिल्यापासून ठाऊक होतं, आणि मी सांगितलं ते तू बुडावंस म्हणून. चालता चालता मी ती मनात म्हणून बघितली, सरळ होती, जीभ अडखळण्यासारखं त्यांत काही नव्हतं. आणि तेवढ्यात, त्याही वेळी, मला पुन्हा त्याचा हेवा वाटला. माझ्या हातून झालेलं सगळ्यात वाईट काम, पण त्याच्या तोंडी गेल्यावर तेसुद्धा चांगलं झालं होतं. माझं म्हणून काही शिल्लकच ठेवलं नव्हतं यानं. आणि मी खरं सांगितलं असतं तर लोकांनी काय केलं असतं? माझ्यावर थुंकले असते, आणि म्हणाले असते, बघा, असल्या माणसाला भूपालनं भाऊ मानलं, केवढं मन त्याचं!

मी त्याच्यासमोर जाऊन उभा राहिलो. हलगी वाजायला लागली होती. भूपाल वाकून माझ्या पाया पडला, मग उभा राहून त्यानं आपल्या गळ्यातला हार काढला आणि दोन्ही हातांनी माझ्या डोक्यावर धरला. तो माझ्याहून बुटका होता, हात पुरत नव्हते. हार नीट बसावा म्हणून मी मान थोडी खाली केली.